कीटकांचा पिंजरा आणि हाताची विद्या

शाळेच्या स्मरणिकेत संस्थेची वाटचाल, गुणवंतांचा गौरव आणि देणगीदारांची कृतज्ञ नोंद असते, आणि ती असावीच. प्रस्तुत लेखाचा विषय त्यामानाने फार लहान आहे. बांबूच्या काठ्या आणि मच्छरदाणीचे कापड यांपासून तयार होणारा, एका विद्यार्थ्याला खांद्यावर टाकून शेताच्या बांधापर्यंत नेता येईल असा, कीटकांच्या निरीक्षणाचा पिंजरा हा तो विषय होय. आपल्या निवासी शाळेतील पाचवीपासून पुढच्या प्रत्येक वर्गाने दरवर्षी असा एक पिंजरा स्वतःच्या हातांनी बांधावा, पावसाळ्याचे तीन महिने तो वापरावा आणि त्यातून जे दिसेल ते स्वतःच्या शब्दांत लिहून ठेवावे, असे माझे मत आहे. इतिहासाच्या शिक्षकाने विज्ञानाच्या साधनाविषयी का लिहावे, असे काही वाचकांना वाटेल. परंतु ज्ञान कोणाला मिळाले, कोणाला नाकारले गेले आणि ते कोणाच्या हातांनी घडले, हे तिन्ही प्रश्न इतिहासाचेच आहेत, आणि या लहानशा पिंजऱ्यापाशी ते तिन्ही एकत्र येतात.

आपली पिंपळवंडी पुणे-नाशिक महामार्गालगत, नारायणगाव आणि आळेफाटा यांच्या दरम्यान वसलेली आहे. कुकडीच्या पाण्यावर येथे ऊस, कांदा, टोमॅटो आणि द्राक्षे उभी राहिली. आपल्या शाळेतील पुष्कळ मुले-मुली शेतकऱ्यांची किंवा शेतमजुरांची अपत्ये आहेत. त्यांना फवारणीच्या औषधांची नावे पाठ असतात, पंपाला किती झाकणे औषध टाकायचे हेही माहीत असते. परंतु ज्याच्यासाठी ही फवारणी चालते त्या जीवाचे नाव विचारले, तर ‘किडा’ किंवा ‘अळी’ यापलीकडे उत्तर येत नाही. तो काय खातो, अंडी कोठे घालतो, त्याला कोण खातो, हे विचारले तर वर्ग शांत होतो. यात मुलांचा दोष नाही. कीटकांविषयीचे जे ज्ञान घरात येते ते दुकानातून बाटलीबरोबर येते, आणि बाटलीवर फक्त मारण्याची कृती छापलेली असते.

या अज्ञानाची किंमत आपण मोजत आलो आहोत. टोमॅटोची पाने पोखरणारी टुटा ही परदेशी नागअळी २०१४ साली महाराष्ट्रात आढळली. मक्यावरची अमेरिकन लष्करी अळी २०१८ साली प्रथम कर्नाटकात दिसली आणि त्याच वर्षी आपल्या राज्यात पोहोचली. अशी नवी कीड पहिल्यांदा शेतातच उतरते. तेथे रोज जाणाऱ्या डोळ्यांना नेहमीची अळी आणि नवी अळी यांतला फरक कळला, तर पुढचे किती नुकसान टळेल! याच्या उलट बाजूचे उदाहरण अधिक दुःखद आहे. २०१७ साली यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन किमान वीस माणसे दगावली. त्यांत शेतमजूरही होते. दुसऱ्याच्या शेतात, दुसऱ्याने आणलेले औषध, दुसऱ्याच्या सांगण्यावरून ते फवारत होते. स्वतः पाहून निर्णय घेण्याचा अधिकार ज्याच्याकडे नसतो, त्याच्या अंगावर विष आधी उडते. म्हणून कीटकांची ओळख हा आपल्या मुलांसाठी केवळ छंदाचा विषय नाही.

ओळख व्हायची तर जिवंत कीटक त्याच्या जागी पाहिला पाहिजे. पुस्तकातील चित्र स्थिर असते. अळी कोठून आली आणि पुढे तिचे काय झाले, हे ते सांगत नाही. काचेच्या बरणीत कोंडलेला कीटक उन्हात तापतो, झाकण घट्ट असेल तर गुदमरतो आणि भेदरून काचेवर आपटत राहतो. फ्रान्समधील जाँ आंरी फाब्र (१८२३–१९१५) या शिक्षकाने आपले आयुष्य कीटकांच्या निरीक्षणात घालवले आणि त्यावर दहा खंड लिहिले. त्याने पतंगाची एक मादी तारेच्या जाळीच्या झाकणाखाली ठेवली, तेव्हा रात्री दूरवरून नर तिच्याभोवती जमले. मादी हवाबंद भांड्यात ठेवली, तेव्हा ते आले नाहीत. नर येतात ते मादीच्या गंधामुळे, हा निष्कर्ष त्याला जाळी आणि बंद भांडे यांतील फरकातून मिळाला. जाळीतून हवा, प्रकाश, पावसाचे तुषार आणि गंध ये-जा करतात. अडतो तो फक्त कीटक. म्हणून पिंजरा जाळीचा हवा आणि तो झाडापाशी नेता आला पाहिजे. झाड तोडून वर्गात आणण्यापेक्षा वर्ग झाडापाशी गेलेला बरा.

आता बांधणीविषयी. पिंजरा दोन फूट लांब, दोन फूट रुंद आणि तीन फूट उंच असावा. याहून मोठा केला तर एका मुलाला तो नेता येत नाही. साडेतीन फुटांच्या चार काठ्या उभ्या घ्याव्यात. त्यांचे खालचे टोक तासून अर्धा फूट जमिनीत रोवायचे असते. दोन फुटांच्या आठ काठ्या आडव्या, चार वर आणि चार जमिनीलगत. म्हणजे एकूण तीस फूट बांबू लागतो. सांधे खिळ्यांनी ठोकू नयेत, कारण बांबू उकलतो. सायकलच्या जुन्या ट्यूबच्या पट्ट्या ताणून गुंडाळल्या की सांधा पक्का बसतो आणि काम संपल्यावर सोडताही येतो. सुटलेल्या काठ्यांची मोळी बांधली की पिंजरा एका हातात मावतो. काठ्यांची टोके आणि पेरे घासून गुळगुळीत करावीत, नाहीतर कापड फाटते आणि बोटात कुसळ जाते.

जाळीची खोळ उशीच्या अभ्र्यासारखी एका बाजूने उघडी शिवावी आणि सांगाड्यावर वरून चढवावी. चार बाजूंचे चोवीस चौरस फूट, छताचे चार चौरस फूट आणि खाली जमिनीवर पसरणारी अर्ध्या फुटाची झालर चार चौरस फूट, असे बत्तीस चौरस फूट कापड लागते. शिवणीसाठी थोडे अधिक घ्यावे. हे गणित पाचवीच्या मुलांनीच करावे. झालरीवर माती किंवा वाळूची पिशवी ठेवली की खालून फट राहत नाही आणि मुंग्यांची वाटही पुष्कळशी बंद होते. एका बाजूला जुन्या सदऱ्याची बाही शिवून तिच्या टोकाला नाडी ओवावी. हात आत घालायचा असेल तेव्हा नाडी सैल करावी, एरवी आवळून ठेवावी. पांढऱ्या जाळीवर ऊन पडले की ती चमकते आणि आतले नीट दिसत नाही. काळ्या किंवा गडद रंगाच्या जाळीतून स्पष्ट दिसते. पांढरे कापडच हाती असेल, तर निदान समोरची एक बाजू गडद असावी. पिंजरा भर दुपारी उघड्या उन्हात ठेवू नये. झाडाची सावली पडेल अशी जागा निवडावी.

जाळीचे छिद्र किती बारीक असावे, हा या साधनातील सर्वांत शिकवण्यासारखा भाग आहे. मच्छरदाणीचे साधे कापड फुलपाखरू, मधमाशी, भुंगेरा यांना अडवते. पांढरी माशी आणि अळीच्या अंगात वाढणाऱ्या इवल्या गांधीलमाश्या मात्र त्यातून आरपार जातात. त्यांच्यासाठी टोमॅटोच्या रोपवाटिकेत वापरतात ती चाळीस किंवा पन्नास मेशची कीटकरोधक जाळी हवी. चाळीस मेश म्हणजे एका इंचात चाळीस छिद्रे. जाळी जितकी बारीक तितकी हवा कमी खेळते, म्हणून गरजेपेक्षा बारीक जाळीही नको. कोणाला अडवायचे हे आधी ठरवावे आणि मग छिद्र निवडावे. हाच नियम आपल्या शेजारी, खोडदला, आकाशाएवढ्या मोठ्या कामासाठी वापरलेला आहे. तेथील जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीच्या ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या भरीव पत्र्याच्या नाहीत. त्या पोलादी तारेच्या जाळीच्या आहेत. जाळीची छिद्रे १० ते २० मिलीमीटरची आहेत. पकडायच्या रेडिओलहरी त्याहून पुष्कळ लांब असल्यामुळे त्या जाळीवरून परत फिरतात आणि वारा मात्र सरळ निघून जातो. त्यामुळे तबकडी हलकी झाली आणि खर्चही वाचला. आपल्या मुलांनी खोडदच्या तबकड्या एसटीच्या खिडकीतून अनेकदा पाहिलेल्या असतात. स्वतःच्या पिंजऱ्यासाठी जाळी निवडताना ज्याने छिद्राचा विचार केला, त्याला ती दुर्बीण परकी वाटणार नाही.

या पिंजऱ्यातून पाहायचे काय? आरंभ लिंबाच्या किंवा कढीपत्त्याच्या रोपापासून करावा. त्यावर लिंबू फुलपाखराची अळी सहज सापडते. लहान असताना ती पक्ष्याच्या विष्ठेसारखी दिसते, मोठी झाली की हिरवीगार होते. काडीने हलकेच स्पर्श केला, तर डोक्यामागून दोन टोकांचा तांबूस अवयव बाहेर काढते आणि उग्र वास सोडते. पुढे ती कोष करते आणि काही दिवसांनी त्यातून फुलपाखरू निघते. पंख वाळेपर्यंत ते जाळीला उलटे लटकून राहते, म्हणून पिंजऱ्याची उंची आणि खरखरीत बाजू आवश्यक आहे. रुईच्या झाडावर बिबळ्या कडवा या फुलपाखराच्या पट्टेरी अळ्या मिळतात. ज्या चिकाला गुरेही तोंड लावत नाहीत, तो पचवून त्या वाढतात. एखादे वेळी कोबीवरची किंवा वेलीवरची अळी सुस्त पडते आणि तिच्या अंगाशी तांदळाच्या कण्यांसारखे पांढरे कोष दिसतात. त्या अळीची अंडी समजून लोक ते चिरडून टाकतात. बारीक जाळीच्या पिंजऱ्यात ते तसेच ठेवले तर त्यांतून इवल्या गांधीलमाश्या बाहेर पडतात. शेतकऱ्याचे काम फुकट करणारे हे मित्र आपण शत्रूबरोबरच मारत होतो, हे मुलांना स्वतःच्या डोळ्यांनी दिसते. ढालकिडा माव्याचा फडशा कसा पाडतो, हेही असेच मोजून पाहता येते: सकाळी पानावर मावा किती होता, सायंकाळी किती उरला.

पिंजऱ्याचा दुसरा उपयोग अधिक महत्त्वाचा आहे. तो जसा कीटकाला आत ठेवतो, तसाच बाहेरही ठेवतो. तांबड्या भोपळ्याच्या वेलीवर उद्या उमलणारी तीन मादी फुले आदल्या सायंकाळी हेरून ठेवावीत. फुलाखाली इवलेसे फळ असते, त्यावरून मादी फूल ओळखता येते. एक उघडे ठेवावे. दोन जाळीखाली झाकावीत. सकाळी झाकलेल्या दोघांपैकी एकावर नर फुलाचे पराग हाताने लावावेत आणि ते पुन्हा झाकावे. पुढील आठवड्यात काय होते ते पाहावे. उघड्या फुलावर मधमाश्या येऊन जातात आणि फळ धरण्याची शक्यता असते. नुसते झाकलेले फूल गळून पडते. पराग लावलेले फूल झाकलेले असूनही फळ धरू शकते. म्हणजे दोष जाळीच्या सावलीचा नव्हता, उणीव मधमाशीची होती. तिसरे फूल ठेवण्याचे कारण ज्या मुलाला कळले, त्याला पुरावा म्हणजे काय हे कळले. एकाच वेलीवर निष्कर्ष काढू नये, दुसऱ्या वर्गाच्या वेलीशी तो ताडून पाहावा, हेही त्याला आपोआप सुचते. वडीलधारी माणसे सांगतात, शिक्षक सांगतात, पुस्तक सांगते. पण तू स्वतः पाहिलेस काय, हा प्रश्न विचारण्याची सवय येथे लागते. धम्माचे वर्णन करताना ‘ये आणि पाहा’ असा गुण सांगितला जातो, तो आपल्या मुलांना रोजच्या वंदनेतून पाठ असतो. पाठ असलेला शब्द आचरणात आणण्याची ही एक जागा आहे.

कोंडून पाहण्यात हिंसा नाही काय, असा आक्षेप आपल्यापैकी कोणी घेईल, आणि तो घेतला जावा. म्हणूनच हे साधन टाचणीच्या पेटीपासून वेगळे आहे. येथे कीटक मारून टोचायचा नाही. प्रौढ कीटक सायंकाळपूर्वी, जेथून घेतला तेथेच सोडायचा. अळी ठेवायची असेल तर तिच्या खाद्यझाडावरच. कोषातून निघालेले फुलपाखरू पंख वाळताच मोकळे करायचे. आग्यामोहोळ आणि गांधीलमाशीचे पोळे यांच्या जवळ जायचे नाही. वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ याच्या अनुसूचींत काही फुलपाखरांनाही संरक्षण आहे, म्हणून परसातील आणि शेतातील नेहमीच्या जातींवरच थांबायचे. आपल्या भागात आणखी एक नियम लागतो: दिवस कलल्यावर उसाच्या कडेला कोणीही थांबायचे नाही. बिबट्या कोठे असेल हे सांगता येत नाही. रात्रीचे पतंग पाहायचे असतील, तर शाळेच्या अंगणात दिव्यासमोर पांढरी चादर टांगावी.

आपल्या परंपरेत या विचाराला आधार आहे. विनयपिटकातील महावग्गात वर्षावासाचे कारण दिलेले आहे: पावसाळ्यात भिक्खू चालत राहिले तर हिरवे गवत तुडवले जाते आणि लहान लहान जीव मरतात, अशी लोकांनी तक्रार केली आणि भगवंतांनी तीन महिने एका जागी राहण्याचा नियम घालून दिला. भिक्खूच्या मोजक्या वस्तूंमध्ये पाणी गाळण्याचे कापड असे, तेही पाण्यातील सूक्ष्म जीव पोटात जाऊ नयेत म्हणून. विणलेल्या कापडाच्या छिद्रातून जीव वाचवण्याची ही कल्पना दोन हजार वर्षांहून जुनी आहे. आषाढ पौर्णिमेपासून आश्विन पौर्णिमेपर्यंत आपल्या विहारांतून ग्रंथवाचन चालते. शाळा जूनमध्ये उघडते, पाऊस सुरू होतो आणि अळ्या, फुलपाखरे, भुंगेरे यांची रेलचेल होते. पिंजऱ्याचे काम या तीन महिन्यांतच करावे. वाचन आणि निरीक्षण एकाच ऋतूत शेजारी शेजारी चालेल. भारतीय संविधानात १९७६ च्या ४२ व्या दुरुस्तीने आलेल्या मूलभूत कर्तव्यांतही सजीवांविषयी करुणा आणि विज्ञाननिष्ठ दृष्टिकोन ही दोन कर्तव्ये लागोपाठच्या उपखंडांत आहेत. शाळेच्या वेळापत्रकात मात्र एक मूल्यशिक्षणाच्या तासाला जाते आणि दुसरे विज्ञानाच्या तासाला. पिंजऱ्यापाशी ती पुन्हा एकत्र येतात.

यापुढचा आक्षेप आपल्या समाजातील ज्येष्ठांचा आहे, आणि मला तो सर्वांत गंभीर वाटतो. ते विचारतात: बांबू, सुतळी, माती यांतून बाहेर पडण्यासाठी आम्ही पोटाला चिमटा घेऊन मुले वसतिगृहात पाठवली, बाबासाहेबांनी वंशपरंपरागत कामे सोडायला सांगितली, आता शाळाच मुलांच्या हाती पुन्हा बांबू आणि कोयता देणार काय? या प्रश्नामागे पिढ्यांचे दुःख आहे. १९२८ साली बाबासाहेबांनी मुंबई विधिमंडळात वतन कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडले, ते जन्माने लादलेल्या कामाच्या बेडीविरुद्धच. पुढे १९३६ साली त्यांनी दाखवून दिले की जातिव्यवस्था ही केवळ श्रमाची विभागणी नाही, ती श्रमिकांचीच विभागणी आहे. तिने काही माणसांना करायला लावले आणि जाणण्यापासून दूर ठेवले. काहींना जाणण्याचा मक्ता दिला आणि हाताने करणे हलके ठरवले. ज्याने टोपली विणली त्याला अक्षर नाही, ज्याला अक्षर आहे त्याला टोपलीची घडण ठाऊक नाही. या दुहेरी तुटीमुळे आपल्या देशात कारागिरी होती आणि पोथ्याही होत्या, परंतु प्रयोग मात्र फार उशिरा आला. कारण प्रयोगाला हात आणि बुद्धी एकाच माणसाची लागतात.

म्हणून ज्येष्ठांच्या प्रश्नाला माझे उत्तर असे आहे की बांबू वाईट नव्हता, सक्ती वाईट होती. आपल्या पिंजऱ्यात कोण काय करील हे जन्मावरून ठरत नाही. काठी तासणे, जाळी शिवणे, नोंद लिहिणे आणि वर्गापुढे निष्कर्ष मांडणे ही चारही कामे प्रत्येक मुलाने आणि प्रत्येक मुलीने पाळीपाळीने केली पाहिजेत. शिवणकाम मुलींकडे आणि कोयता मुलांकडे, अशी वाटणी झाली तर आपण जुनीच व्यवस्था नव्या कापडात शिवली असे होईल. काठ्या तासायला शिकवण्यासाठी गावातील बुरूड कारागिराला सन्मानाने बोलवावे, त्याला मानधन द्यावे आणि त्या दिवशी त्याला ‘सर’ म्हणावे. अभियंत्याला पाहुणा म्हणून बोलावतो, तसेच.

जुन्नरच्या इतिहासात याला साक्ष आहे. आपल्या तालुक्यात दोनशेहून अधिक लेणी कोरलेली आहेत आणि त्यांतील शिलालेखांत दात्यांची नावे आहेत. एका लेखात भिक्खुसंघासाठी बांबूचे काम करणाऱ्यांच्या आणि कांस्यकारांच्या श्रेणीकडे ठेव ठेवल्याची नोंद आहे. दुसऱ्या एका लेखात धान्याच्या व्यापाऱ्यांच्या श्रेणीने सात खोल्यांचे लेणे आणि पाण्याची पोढी दान दिल्याचे म्हटले आहे. मानमोडीच्या लेखांत करंज आणि वड यांच्या लागवडीसाठी शेतजमिनीचे दान आहे. ज्यांच्याकडे लोक विश्वासाने पैसे ठेवत, ज्यांच्या व्याजावर संघाचा खर्च चाले, त्यांत बांबूचे काम करणारेही होते. त्याच कामाला पुढे जातीची खालची पायरी देण्यात आली. काम तेच होते. समाजाची नजर बदलली. मुलांना लेण्याद्रीची सहल घडवताना आपण चैत्यगृहाची कमान दाखवतो. ते शब्द, बांबूकाम करणाऱ्यांची श्रेणी, तेही वाचून दाखवले पाहिजेत.

अपुऱ्या साधनांत आणि अपमानाच्या परिस्थितीत विज्ञान होऊ शकते काय, याचे उत्तर अमेरिकेतील एका शाळाशिक्षकाने दिले आहे. चार्ल्स हेन्री टर्नर हे कृष्णवर्णीय संशोधक १८६७ साली सिनसिनाटीत जन्मले. १९०७ साली त्यांनी शिकागो विद्यापीठाची डॉक्टरेट मिळवली. वर्णभेदाच्या त्या काळात मोठ्या विद्यापीठांची दारे त्यांना उघडली नाहीत. १९०८ पासून ते सेंट लुईसमधील समनर हायस्कूल या कृष्णवर्णीय मुलांच्या शाळेत शिकवू लागले. तेथे संशोधनाची प्रयोगशाळा नव्हती, वेळही फारसा मिळत नसे. ते सार्वजनिक उद्यानात जात, रंगीत चकत्या आणि लहान खोकी मांडत आणि कोणत्या रंगावर गोड खाद्य आहे हे मधमाश्या लक्षात ठेवतात काय, हे पाहत. १९१० आणि १९११ साली प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या प्रयोगांनी मधमाशीला रंग आणि आकृत्या ओळखता येतात याचा पुरावा दिला. १९२३ साली ते वारले, तेव्हा त्यांच्या नावावर सुमारे सत्तर शोधनिबंध होते. बाबासाहेब १९१३ ते १९१६ या काळात न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात अध्ययन करत होते, त्याच वर्षांत त्याच देशात हा शिक्षक शाळेचे तास संपवून कीटकांपाशी बसत होता. आपल्या मुलांना परदेशी संशोधकांची नावे सांगताना टर्नर यांचे नाव पहिल्या पाचांत असावे, असे मला वाटते. साधन नसणे ही अडचण आहे, परंतु तेथे गोष्ट संपत नाही, हे त्यांच्या आयुष्यातून कळते.

पालकांचा आक्षेप वेगळा आणि व्यवहाराचा आहे. दहावीचे वर्ष जवळ आले, स्पर्धा वाढली. किड्यांमागे वेळ घालवून गुण मिळतील काय? थेट गुण मिळणार नाहीत, हे मान्य आहे. परंतु प्रश्नपत्रिकेत ‘निरीक्षण’ आणि ‘अनुमान’ असे दोन रकाने येतात, तेव्हा दोन्हींत एकच वाक्य लिहिणारी मुले मी तीस वर्षे पाहत आलो आहे. ‘फूल गळाले’ हे निरीक्षण आणि ‘पराग न मिळाल्यामुळे गळाले’ हे अनुमान, हा भेद ज्याने वेलीवर पाहिला त्याला तो पाठ करावा लागत नाही. इतिहासातही हेच लागते. शिलालेखात काय कोरले आहे आणि त्यावरून आपण काय समजतो, हे वेगळे ठेवता आले नाही तर इतिहासाचे पुराण होते. वेळेचे म्हणाल तर निवासी शाळेत सकाळचा अर्धा तास आणि रविवारची दुपार आपल्या हातात आहे. मोबाइलने ती घेण्यापूर्वी आपण ती वापरावी.

खरा धोका निराळाच आहे. आपल्याकडे चांगली गोष्ट प्रदर्शनात पोहोचली की तिचा जीव जातो. विज्ञान दिनाला खोडदला मोठे प्रदर्शन भरते, तेथे आपला पिंजराही जावा. परंतु त्यासाठी शिक्षकाने किंवा सुताराने चकचकीत पिंजरा करून द्यावा, त्यावर मुलांची नावे लिहावीत आणि मार्चमध्ये तो माळ्यावर टाकावा, असे होऊ नये. मुलांनी बांधलेला, एका कोपऱ्यात थोडा वाकलेला पिंजरा हेच आपले प्रदर्शन असावे, आणि त्याच्याशेजारी त्याची वही असावी: तारीख, वेळ, पाऊस होता की ऊन, झाड कोणते, काय दिसले, काय समजले नाही. ‘समजले नाही’ हा रकाना रिकामा असेल तर ती वही मी कच्ची मानीन. वर्ग पुढे गेला की वही खालच्या वर्गाकडे द्यावी. दहा वर्षांत पिंपळवंडीच्या बांधांवर कोणत्या महिन्यात कोणते कीटक असतात, कोणते कमी होत गेले, याचा दस्तऐवज आपल्याच मुलांच्या अक्षरात तयार होईल. इतिहासकार म्हणून मला त्याचे मोल फार वाटते. आपल्या समाजाविषयी दुसऱ्यांनी लिहिलेल्या नोंदी पुष्कळ आहेत. आपण पाहून लिहिलेल्या नोंदी थोड्या आहेत.

पिंजरा हे पहिले पाऊल आहे. ठाण्याजवळ घोडबंदर रस्त्यालगतच्या ओवळे गावात राजेंद्र ओवळेकर यांनी आपल्या जमिनीवर फुलपाखरांची बाग फुलवली. तिला जाळी नाही. अळ्यांची खाद्यझाडे आणि मधाची फुले लावली, फुलपाखरे आपणहून आली. आपल्या शाळेच्या कुंपणालगत लिंबू, कढीपत्ता, रुई, करंज लावले आणि तेवढ्या पट्ट्यात फवारणी बंद ठेवली, तर काही वर्षांनी आपल्यालाही जाळीची गरज कमी पडेल. २०१५ साली महाराष्ट्राने ब्लू मॉर्मन या फुलपाखराला राज्य फुलपाखराचा मान दिला. मान देऊन झाला. आता त्यांच्या झाडांना जागा द्यायची आहे.

माजी विद्यार्थ्यांना आणि पालकांना माझी विनंती मोठ्या रकमेची नाही. ज्यांचे शिलाईचे दुकान आहे त्यांनी जूनमध्ये एक दिवस येऊन मुलांना दुहेरी शिवण शिकवावी. ज्यांची रोपवाटिका आहे त्यांनी उरलेल्या कीटकरोधक जाळीचे तुकडे शाळेला द्यावेत. ज्यांचे शेत शाळेजवळ आहे त्यांनी बांधाचा दहा पावले भाग तीन महिने फवारणीशिवाय सोडावा आणि मुलांना तेथे बसू द्यावे. जे नोकरीनिमित्त पुण्या-मुंबईत आहेत त्यांनी गावी आल्यावर वसतिगृहात येऊन वही मागावी, वाचावी आणि एक प्रश्न विचारावा. वडीलधाऱ्यांनी आपल्याला माहीत असलेली कीटकांची गावाकडची नावे सांगावीत. ती पुस्तकात नाहीत आणि तुमच्याबरोबर जातील. या वर्षीच्या आषाढ पौर्णिमेला पहिली काठी तासली जावी आणि आश्विन पौर्णिमेला शेवटचे फुलपाखरू सोडून, वही भरून, सांगाडा सुटा करून ठेवला जावा. पुढच्या वर्षीचा वर्ग नवा बांबू आणील.